नाव टाका, खाली काय पडतं बघा

ब्राउझरच्या मते मी कोण होते, ते आधी सांगून टाकते. मला सातवा महिना लागला होता आणि त्याच सुमाराला माझं सैन्यातलं पेन्शन अडकलं होतं. माझ्या बैलाच्या खुराला जखम होती, दहावीला बीजगणितात मी नापास होणार अशी मला धास्ती होती, मला शुगर होती, आणि एवढं सगळं सांभाळून मी किहीमला समुद्राजवळ दोन दिवसांसाठी खोली शोधत होते. दुकानातल्या कोपऱ्यातल्या कॉम्प्युटरने माझ्याबद्दल असा समज करून घेतला होता आणि शेवटपर्यंत तो सोडला नाही.

प्रत्यक्षात मी तळा बाजारपेठेत, एसटी स्टँडच्या समोर, टायपिंग, झेरॉक्स आणि ऑनलाइन अर्जांचं दुकान चालवणारी बाई. आधी नुसते टाइपरायटर होते, मग झेरॉक्स आली, मग दोन कॉम्प्युटर आले. एक काउंटरवर, माझ्या हाताखाली. त्यावर मी लोकांचे दाखले आणि अर्ज भरायची. दुसरा कोपऱ्यात, गिऱ्हाइकाने स्वतः बसून काय बघायचं ते बघावं म्हणून. आता दुकान बंद केलंय, कारण जो तो मोबाइलवरच चुकीचा अर्ज भरायला शिकला. पूर्वी तेवढ्यासाठी माझ्याकडे यावं लागायचं. माणसांविषयी माझं मत फारसं चांगलं उरलेलं नाही, आणि त्याचं निम्मं श्रेय मी कोपऱ्यातल्या त्या कॉम्प्युटरला देते. निम्मं माणसांचं स्वतःचं.

आता थोडं धंद्याचं. ज्यांना हे ठाऊक आहे त्यांनी पुढचा परिच्छेद सोडून द्यावा. ज्यांना ठाऊक आहे असं वाटतं, त्यांनी मात्र वाचावा.

ब्राउझर म्हणजे नेटवर जायची खिडकी. तिच्यात वर एक लांबट चौकट असते. तिच्यात लिहायला लागलं की दोन अक्षरं होतात न होतात तोच खाली ओळी पडतात. म्हणजे तुम्हाला हेच म्हणायचं होतं ना, असं ती आपल्यालाच विचारते. काही ओळी जगभरची माणसं काय शोधतात त्यावरून आलेल्या असतात. पण ज्या ओळीच्या आधी छोटंसं घड्याळ असतं, ती याच यंत्रावर पूर्वी कुणीतरी शोधलेली असते. जे जास्त वेळा शोधलं, जे अलीकडे शोधलं, ते वर चढतं. पुढे ब्राउझरला आणखी अक्कल आली. मागचं जे जे एका विषयाचं वाटेल ते तो एकत्र गाठोड्यात बांधायचा आणि इथून पुढे चालू ठेवा म्हणून समोर आणून ठेवायचा. एका घरात एक माणूस, त्याचं एक यंत्र, तर ही सोय चांगलीच. माझ्याकडे त्या एका खुर्चीत अख्खा तालुका बसून गेला होता. यंत्राला वाटायचं माणूस एकच आहे, फक्त त्याचं डोकं ठिकाणावर नाही.

मग रोज संध्याकाळी पुसून का टाकत नव्हता, असं मुंबईहून आलेले हुशार नातेवाईक मला विचारतात. पुसायचं कुठे ते मला माहीत होतं. पण आमच्या गिऱ्हाइकाला साइटचं नाव कधी आठवत नाही. तो खुर्चीत बसतो आणि म्हणतो, "मागल्या टायमाला निघालं व्हतं ना, तेच काढा." मागल्या टायमाला काय निघालं होतं ते त्याला माहीत नसतं, मला माहीत नसतं, फक्त चौकटीला माहीत असतं. माझा निम्मा धंदा त्या चौकटीच्या आठवणीवर चालायचा. तिची आठवण रोज पुसली असती तर मला आणखी एक माणूस ठेवावा लागला असता, आणि तोही विसरला असता.

सुरुवातीचे गोंधळ गमतीचे होते. आतल्या गावचे बबनतात्या विहिरीच्या अनुदानाची चौकशी करायला आले. त्यांनी एका बोटाने "विहीर" लिहिलं आणि खाली सहा-सात ओळी पडल्या. तात्यांनी चष्मा वर सरकवला, एकेका ओळीवरून बोट फिरवलं, पुन्हा वरपासून फिरवलं आणि मला म्हणाले, "मॅडम, यात आपलं नाव न्हाय."

मी म्हटलं, "तात्या, ही नावांची यादी नाही. ही लोकांनी आधी शोधलेली वाक्यं आहेत."

"आन् ह्ये घड्याळ?"

"म्हणजे पूर्वी शोधलेलं."

"म्हंजे पेंडिंग," तात्या म्हणाले आणि उठले. जन्मभर कचेऱ्यांच्या पायऱ्या चढलेल्या माणसाला घड्याळाचा दुसरा अर्थ पटणं कठीणच. विहिरीच्या यादीत आपलं नाव घ्यावं असा अर्ज त्यांनी एका सरकारी कचेरीत नेऊन दिला. कचेरीने तो शिक्का मारून ठेवूनही घेतला. मंजुरी मात्र अजून पेंडिंग आहे.

किहीमची खोली एका मास्तरांची. शाळेची सहल न्यायची म्हणून ते दर बघत होते. त्याच आठवड्यात कुणीतरी तिसऱ्याच बाईने घटस्फोटाच्या अर्जाचा नमुना शोधला होता. ब्राउझरने काय विचार केला देव जाणे, त्याने दोन्ही एकाच गाठोड्यात बांधून ठेवलं. मास्तरांची बायको रेशनकार्डाचं बघायला येऊन बसली, तिने ते उघडलं आणि दुकानातच मास्तरांना फोन लावला. मी तिला सांगून पाहिलं की अर्ज दुसऱ्याच कुणाचा आहे. ती म्हणाली, "किहीम त्यांचंच ना? मग अर्धं खरं आणि अर्धं खोटं कसं असेल?" मास्तरांनी शेवटी तिला किहीमला नेऊन आणलं. सहल मात्र त्या वर्षी शाळेच्या पटांगणातच झाली.

इथपर्यंत हसून सोडता येत होतं. मग लोकांनी त्या चौकटीवर लग्नं जमवायला घेतली.

आमच्याकडे स्थळ पसंत करण्याआधी चौकशी करतात. पूर्वी ती गिरणीवर व्हायची, नाहीतर मुलीच्या गावात शिरून पहिल्या घराच्या ओटीवर पाणी मागून. घरवाला आधी म्हणायचा, पोर गुणाची हाय. मग रिकामा तांब्या परत घेताना म्हणायचा, बाकी आपल्याला काय ठावं. त्या 'बाकी'मध्ये पाहुणे काय ते समजून घ्यायचे. आता ओट्यांना ग्रिल बसले आणि आत टीव्ही लागलेला असतो. पाणी मागणाऱ्याकडे कुणी बघत नाही. एसटीतून उतरलेली मंडळी आतल्या गावाची गाडी लागेपर्यंत समोर माझं दुकान बघायची आणि आत यायची. "मॅडम, एक नाव टाकायचं होतं." आतल्या गावातल्या मुलीचं नाव नेटवर टाकून काय निघणार? फार तर शाळेच्या बक्षीस समारंभाचा धूसर फोटो. मंडळी हिरमुसायची. मग कुणाच्या तरी लक्षात आलं की शोधायचं बटण दाबण्याआधीच खाली ओळी पडतात, आणि त्या जास्त चविष्ट असतात. तेव्हापासून पद्धतच पडली. नावाची पहिली अक्षरं टाकायची आणि थांबायचं. "दाबू नको, दाबू नको, नुसतं खाली काय पडतं ते बघ," असं म्हणत चार-चार माणसं त्या एका खुर्चीमागे वाकलेली मी पाहिली आहेत. याला तालुक्यात चौकशी म्हणायला लागले.

हर्षदा गोळे माझ्याकडे टायपिंग शिकलेली. वडील रमेश गोळे. घरची भातशेती, शिवाय कारखान्यात पाळीवर काम. मुलगी विज्ञान शिकली, मुरुडला एका खाजगी शाळेत लागली, तिथेच खोली घेऊन राहायची आणि शनिवारी गावी यायची. येताना माझ्याकडे प्रश्नपत्रिकांच्या प्रती काढायला थांबायची. वय सत्तावीस. तिचं काय वाकडं होतं म्हणाल तर एवढंच. आधी शिकायचं होतं म्हणून शिकली, नोकरी लागल्यावर घरी म्हणाली, आता बघा. इतकी सरळ गोष्ट लोकांना पचत नाही.

पहिल्या आल्या त्या मुलाकडच्या एक आत्याबाई, माणगावकडच्या. बरोबर त्यांची सून. मी काउंटरवर कुणाचा तरी उत्पन्नाचा दाखला भरत होते. आत्याबाई कानात सांगत होत्या आणि सून लिहीत होती. काय लिहिलं ते मी नंतर वाचलं: "हर्षदा गोळे साखरपुडा मोडला का". साखरपुडा कधी झालेलाच नव्हता, त्यामुळे मोडायचा प्रश्न नव्हता. आत्याबाईंना कुणी काही सांगितलंही नव्हतं. सत्ताविसाव्या वर्षी मुलगी घरात आहे म्हणजे एखादा मोडलेला असायलाच हवा, असं त्यांनी आपलं आपणच ठरवलं होतं. नेटवर काही निघालं नाही. त्या कळवतो म्हणून गेल्या आणि त्यांनी कळवलं नाही.

दुसरी मंडळी आली. त्यांनी "हर्ष" एवढंच लिहिलं आणि चौकटीने तत्परतेने आत्याबाईंचा संशय त्यांच्या पुढ्यात टाकला. खाली काय पडतं ते बघायला आलेल्या माणसांना याहून काय हवं? त्यांनी ती ओळ दाबून पाहिली, काही मिळालं नाही, म्हणून स्वतःची भर घातली: "हर्षदा गोळे साखरपुडा कोणाशी मोडला". तिसऱ्यांना दोन्ही ओळी मिळाल्या. त्यांनी नोकरीचं गाव आठवून लिहिलं: "हर्षदा गोळे मुरुडला कोण मुलगा आहे". ब्राउझरने आता तिघांचं मिळून एक गाठोडं केलं आणि वर हर्षदाचं नाव घातलं. तीन घरांनी तीन वेळा विचारलेल्या शंका, आणि वाचणाऱ्याला वाटावं की एका मुलीची हकिगतच आहे.

या तिसऱ्या मंडळींपैकी एक गृहस्थ मोठ्याने वाचत होते म्हणून मला कळलं. मी काउंटर सोडून त्यांच्याजवळ गेले. म्हटलं, "अहो काका, ही उत्तरं नाहीत, प्रश्न आहेत. तुमच्यासारखीच माणसं येऊन विचारून गेली आहेत."

ते म्हणाले, "पण मॅडम, एवढ्या जणांनी विचारलं म्हणजे काहीतरी असेलच ना."

"एवढे म्हणजे तीन. त्यातले एक तुम्हीच."

"तेच म्हणतोय. आमच्या आधी दोघांनी विचारलंय."

मला राग आला. त्यांच्यासमोरच मी ते सगळं पुसून टाकलं. म्हटलं, आता बघा, काही आहे का? काकांनी स्क्रीनकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं. "असं पुसता येतं होय?" ते म्हणाले. "म्हणजे मागेपण पुसलं असेल." आठवडा गेला नाही तोच बाजारात बोलणं सुरू झालं की गोळ्यांनी दुकानवाल्या मॅडमना सांगून मुलीचं सगळं साफ करून घेतलं. पुढे जी मंडळी आली त्यांना "हर्ष" लिहिल्यावर खाली काहीच पडेना. दुसऱ्या मुलींच्या नावावर निदान परीक्षेचा निकाल तरी पडायचा. हिच्या नावावर एकदम कोरं. मंडळी एकमेकांकडे बघायची आणि माना हलवायची. भरलेलं होतं तेव्हा लोक संशय घेत होते. कोरं झालं तेव्हा त्यांची खात्री पटली.

एका दुपारी रमेशभाऊ आले. पाळी संपवून सरळ दुकानात, डबा हातात तसाच.

"वहिनी, तुमच्या मशीनवर माझ्या पोरीचं काय हाय?"

मी त्यांना खुर्चीत बसवलं, नाव टाकून दाखवलं. त्यांनी स्क्रीनजवळ वाकून पाहिलं.

"कायच न्हाय?"

"काहीच नाही, भाऊ."

"मंग लोकं काय बघत्यात?"

मी त्यांच्या हातातला डबा घेऊन काउंटरवर ठेवला. "चार घरची मानसं चहा पिऊन जात्यात," ते म्हणाले, "पोर पसंत हाय म्हनत्यात, आन् तळा स्टँडला गेली की त्यांचं मन फिरतंय. घरातली म्हनते, तूच पोरीला मुरुडला ठेवलीस." इतका साधा माणूस, कुणाच्या अध्यात ना मध्यात, आणि त्याच्या डोळ्यांत पाणी आलेलं मी पाहिलं. त्या दिवशी मला स्वतःच्या धंद्याची लाज वाटली. यंत्राने काही केलं नव्हतं असं मी मनाला सांगत होते. ते खरंही होतं, पण ते रमेशभाऊंच्या काय उपयोगाचं?

हर्षदा मात्र रडली नाही. ती पुढच्या शनिवारी आली, सगळं माझ्याकडून नीट ऐकून घेतलं, कुणी काय लिहिलं, कोणत्या क्रमाने. एखाद्या वांड वर्गाची तक्रार ऐकावी तसं ऐकलं. मग म्हणाली, "काकी, उद्या एक स्थळ येतंय. पनवेलला असतात. मुलगा इंजिनीअर आहे. फोनवर बोललोय आम्ही बरेचदा, मला बरा वाटतो." एवढं बोलून ती जराशी लाजली. म्हणजे बरा नव्हे, चांगलाच वाटत होता. "ते लोकपण इथे थांबणारच ना?"

"स्वतःच्या गाडीने आले तरी थांबतील," मी म्हटलं. "चौकशी म्हणजे चौकशी."

ती कोपऱ्यात जाऊन बसली आणि टाइप करू लागली. तिचा हात मीच बसवलेला, त्यामुळे वेगाला कमी नव्हती. लिहायची, शोधायची, मागे यायची, पुन्हा तेच लिहायची. मी मागे जाऊन उभी राहिले. पहिल्या ओळीत होतं: "हर्षदा गोळे हिने नकार का दिला". दुसरीत: "हर्षदा गोळे हिला डॉक्टर मुलगा का चालला नाही". तिसरीत: "हर्षदा गोळे कोणत्या मुलाला हो म्हणेल". मला इतकं हसू आलं की झेरॉक्सला उभं असलेलं गिऱ्हाईक घाबरलं.

"हे पुसू नका," हर्षदा म्हणाली. मग पर्स उचलताना थांबली. "आणि काकी, तो पण आत येईल. हे सगळं चाललेलं असताना तो काय करतो, तेवढं बघून ठेवा. मला फक्त ते सांगा."

दुसऱ्या दिवशी पांढऱ्या गाडीतून मंडळी उतरली: मुलाची आई, मामा आणि मुलगा. आई सोन्याने आणि आत्मविश्वासाने भरलेली. "मॅडम, टू मिनिट्स हां, एक नाव बघायचंय." मामांना पद्धत ठाऊक होती, त्यांनी "हर्ष" लिहून हात वर घेतला. खाली तिन्ही ओळी पडल्या. मामांनी पहिली मोठ्याने वाचली. दुसरी जरा हळू वाचली. तिसरी वाचेपर्यंत आईने खांद्यावरचा पदर नीट केला होता.

"डॉक्टरला नाही म्हणाली?" आई म्हणाली.

"एकाला नव्हे," मामा म्हणाले, "बऱ्याच जणांना फिरवलेलं दिसतंय. नाहीतर एवढे लोक कशाला विचारतील?"

"मग मुलीत काहीतरी असणार."

मागच्या त्या काकांनी जे म्हटलं होतं तेच, त्याच वजनाने. फक्त या वेळी ते हर्षदाच्या बाजूला पडलं. मी अर्जावर डोकं घालून लिहीत राहिले. मुलगा दारात उभा होता. दिसायला चांगला, शर्ट इस्त्रीचा, नजर मोबाइलमध्ये. आईने त्याला जवळ बोलावून कॉलर सारखी केली, ती त्याने करून घेतली. मामा पुन्हा वाचून दाखवू लागले, तेव्हा तो एवढंच म्हणाला, "मम्मी, लेट होतंय." आणि पुन्हा दारात जाऊन उभा राहिला.

संध्याकाळी रमेशभाऊ पेढे घेऊन आले. त्या माणसाला मी इतकं हसताना कधी पाहिलं नव्हतं. "वहिनी, तिथल्या तिथं हो म्हनाले. उलट आमालाच इचारत व्हते, मुलीला आमचा मुलगा पसंत हाय ना?" मग आवाज खाली आला. "पोर म्हनते, काकींशी बोलून सांगते. तुमी काय ते बरं सांगा. मी हात जोडतो." आणि त्यांनी खरंच हात जोडले.

ते गेले आणि थोड्या वेळात हर्षदा आली. पेढ्यांचा पुडा काउंटरवर उघडाच होता. माझ्या तोंडून एक वाक्य इकडचं तिकडे झालं असतं तर लग्न ठरत होतं. मुलगा म्हणाला, कशाला बघताय, चला. एवढं सांगितलं असतं तरी पुरे होतं. त्या बापाचे जोडलेले हात माझ्या डोळ्यांसमोरून हलत नव्हते. पण मुलीने मला एकच गोष्ट विचारली होती, आणि तिच्याविषयी इतक्या लोकांनी इतकं मनाचं रचलं होतं की त्यात माझी भर नको होती.

"काय करत होता?" तिने विचारलं.

"दारात उभा होता."

"काही बोलला?"

"मम्मी, लेट होतंय, असं म्हणाला एकदा."

तिने पेढ्यांचा पुडा बंद केला. "काकी, त्याला मी काल रात्रीच फोनवर सगळं सांगितलं होतं," ती म्हणाली. "त्या आत्याबाईंपासून. पुसल्यावर काय झालं तेपण. चौकटीत कसं पडतं, का पडतं, सगळं समजावून सांगितलं होतं. तो हसला होता. लोक किती मागासलेले असतात, म्हणाला होता."

मग तिला रडू फुटलं. इतक्या दिवसांत पहिल्यांदा. मी तिला पाणी दिलं आणि दुकानाचं शटर अर्धं ओढून घेतलं, कारण बाजारातली चार डोकी लगेच वळली होती.

रात्रीच तिने नकार कळवला. रमेशभाऊ पुढे कित्येक दिवस दुकानासमोरून जाताना मान दुसरीकडे वळवायचे, आणि मला ते लागायचं. त्यांचं चुकत होतं असं मला आजही म्हणवत नाही. हर्षदा मुरुडलाच आहे. शाळेत कायम झाली. तिथल्या मुलांना ती एखादी गोष्ट खरी कशावरून ते शिकवते, आणि सुट्टीत त्यांच्या आयांनाही शिकवायचा तिचा विचार आहे. आईबाप आता महिन्यातून एकदा तिच्याकडे जाऊन राहतात. लग्नाचं विचाराल तर ते मी सांगणार नाही. तुम्हालाही खाली काय पडतं ते बघायची सवय लागलेली दिसते.

दुकान कायमचं बंद करायच्या थोडं आधी ती पांढरी गाडी पुन्हा समोर थांबली. मुलाची आई एकटीच उतरली. सोनं तेवढंच होतं, बाकीचं जरा उतरलेलं. आमच्या पनवेलला हे मोबाइलवर निघत नाही, म्हणाली, तुमच्याच मशीनवर निघतं. मी कोपऱ्याकडे हात केला. ती बसली आणि एका बोटाने अक्षरं शोधत लिहू लागली. ह झाला, र्ष झाला, आणि तिला जे विचारायचं होतं ते अख्खंच्या अख्खं खाली पडलं: "हर्षदा गोळे हिने नकार का दिला".

तिचं बोट हवेतच राहिलं. "मॅडम," ती म्हणाली, "मी तर अजून लिहिलंच नाही. याला कसं कळलं?"

"दाबून बघा," मी म्हटलं.

तिने दाबलं. पान खाली नेलं, वर आणलं, पुन्हा खाली नेलं. मग खुर्ची माझ्याकडे वळवली. "प्रश्न बरोबर दाखवतंय. पण उत्तर कुठे दिसत नाही."

मी म्हटलं, "उत्तर त्या दिवशी इथे दारात उभं होतं, ताई. मोबाइल बघत."